आधार किती, कुठे आणि कधीपर्यंत
लेखमाला : शुश्रूषेची बांधणी – भाग सातवा

भाकरी एका हाताने मोडता येते; पण मराठी घरात तो हात उजवा असावा लागतो. मेंदूच्या डाव्या भागाचा रक्तपुरवठा तुटला की नेमका तोच हात जातो. मग ताट समोर येते, डावा हात धडधाकट असतो आणि तरी रुग्ण जेवत नाही. शेजारी बसलेली सून किंवा मुलगी घास भरवू लागते, चार घासांनंतर रुग्ण मान फिरवतो आणि केसपेपरवर ‘आहार कमी’ अशी नोंद होते.

नोंद खोटी नाही, पण तिचा कुणाला उपयोगही नाही. भूक मेली आहे, गिळायला त्रास होतो आहे, घास तोंडापर्यंत पोहोचत नाही, की चारचौघांत डाव्या हाताने जेवायची लाज वाटते आहे? चारही कारणांवरचे उपाय वेगळे आहेत. कार्यक्षमता कमी झालेल्या रुग्णाच्या शुश्रूषेचा आराखडा, रुग्णालयाच्या भाषेत ‘नर्सिंग केअर प्लॅन’, या अशा प्रश्नांपासून सुरू होतो. मागच्या भागात शस्त्रक्रियेनंतरच्या पहिल्या दिवसाचा आराखडा पाहिला. तिथला हिशेब तासांचा होता. इथला हिशेब आठवड्यांचा, कधी वर्षांचा असतो आणि त्यातला सर्वांत अवघड निर्णय मदत कुठे थांबवायची हा असतो.

आजार एक, अडचणी वेगळ्या

पक्षाघात, खुब्याचे हाड मोडणे, पार्किन्सन, संधिवात ही डॉक्टरांच्या निदानाची नावे. त्या आजाराने माणसाच्या रोजच्या दिवसात काय अडले, हे परिचारिकेचे निदान. एकाच वॉर्डात एकाच आजाराने दाखल झालेल्या दोघांपैकी एकाला बटणे लावता येत नाहीत, दुसऱ्याला लघवी लागल्याचे वेळेवर कळत नाही. गोळ्या सारख्या, आराखडे मात्र वेगळे.

ही दृष्टी घडवण्यात अमेरिकन परिचारिका व्हर्जिनिया हेंडरसन यांचा मोठा वाटा आहे. आंतरराष्ट्रीय परिचारिका परिषदेने १९६० मध्ये प्रसिद्ध केलेल्या त्यांच्या पुस्तिकेत श्वासोच्छ्वासापासून खाणे, झोप, कपडे, स्वच्छता, काम आणि करमणुकीपर्यंत माणसाच्या चौदा मूलभूत गरजा मांडल्या आहेत. अंगात बळ, मनात इच्छा आणि पुरेशी माहिती असती तर माणसाने जे स्वतःच केले असते, ते करायला त्याला मदत करणे हे परिचारिकेचे काम; आणि ही मदत अशी हवी की तो लवकरात लवकर तिच्याविना चालू लागेल, असे त्यांचे म्हणणे होते. पुढे १९७३ मध्ये अमेरिकेतल्या सेंट लुईस येथे परिचारिकांची परिषद भरली आणि शुश्रूषेच्या निदानांची पद्धतशीर यादी करण्याचे काम सुरू झाले. ‘नांदा’ या नावाने नर्सिंगचे विद्यार्थी ती आज ओळखतात.

या निदानाचे तीन भाग असतात : अडचण, तिचे कारण आणि तिचा पुरावा. ‘उजव्या हाताची दुर्बलता आणि डाव्या हाताने जेवण्याचा संकोच यांमुळे स्वतः जेवता येत नाही, ताटातले निम्मे अन्न उरते’ असे लिहिले की पुढच्या पाळीच्या सिस्टरला काय करायचे ते त्याच वाक्यातून कळते. ‘आहार कमी’ या दोन शब्दांतून ते कधीच कळणार नाही.

काय उरले आहे?

अमेरिकेतल्या क्लीव्हलंड शहरातील बेंजामिन रोझ रुग्णालयात डॉ. सिडनी कॅट्झ आणि त्यांचे सहकारी खुबा मोडलेल्या वृद्धांचे निरीक्षण करत होते. अंघोळ, कपडे घालणे, शौचालयाचा वापर, पलंगावरून उठणे-बसणे, मलमूत्रावरचा ताबा आणि जेवणे या सहा कामांत कोण किती स्वावलंबी आहे, याची त्यांनी नोंद ठेवली. १९६३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या मोजपट्टीमागे एक चकित करणारे निरीक्षण आहे. बरे होणाऱ्यांना ही कामे ठरावीक क्रमाने परत जमू लागतात : आधी जेवणे आणि मलमूत्रावरचा ताबा, मग उठणे-बसणे आणि शौचालयात जाणे, शेवटी कपडे आणि अंघोळ. लहान मूल साधारण याच क्रमाने शिकते. त्यामुळे पहिल्याच आठवड्यात ‘आज अंघोळ स्वतः करायची’ असा आग्रह धरणारी योजना बहुधा फसते आणि तिच्यासोबत रुग्णाची उमेदही जाते.

दोन वर्षांनी, १९६५ मध्ये, डॉ. फ्लॉरेन्स महोनी आणि फिजिओथेरपिस्ट डोरोथिया बार्थेल यांनी शंभर गुणांची पट्टी प्रसिद्ध केली. तिच्यात दहा कामे आहेत. आपल्याकडेही अनेक रुग्णालयांत ‘बार्थेल स्कोअर’ लिहिला जातो.

उदाहरणादाखल एक रुग्ण समोर ठेवता येईल. वय ६६, शेतात काम करणारी स्त्री, पक्षाघाताचा नववा दिवस. उजवी बाजू दुर्बळ, बोलणे संथ, पण सांगितलेले सगळे समजते. जेवताना मदत लागते, गुण ५. अंघोळ ०. तोंड धुणे, केस विंचरणे ०. कपडे घालण्यात निम्मी मदत, ५. शौचावर ताबा आहे, १०. लघवी अधूनमधून कपड्यांत होते, ५. कमोडवर बसताना-उठताना मदत, ५. पलंगावरून खुर्चीवर येताना बराच आधार, ५. चालणे ०, जिने ०. बेरीज ३५.

हा ३५ चा आकडा फाइलवर छान दिसतो, पण आराखडा बेरजेतून तयार होत नाही. तो दहा ओळींतून तयार होतो. शौचावर पूर्ण ताबा असूनही केवळ रात्रपाळीला सोय पडते म्हणून या बाईंना डायपर लावला, तर पट्टीवरचे १० गुण कुणीतरी हाताने पुसल्यासारखे होतात. पाच गुणांच्या ओळी जास्त महत्त्वाच्या, कारण तिथे काम अर्धे जमते आहे. आधार नेमका दिला तर आठ-दहा दिवसांत ते पूर्ण जमू शकते.

उद्दिष्ट कुणाचे?

‘रुग्णाची हालचाल सुधारेल’ हे नर्सिंगच्या वह्यांमधले लाडके उद्दिष्ट. ते साधले की नाही, हे कुणालाच सांगता येत नाही. याच रुग्णासाठी ते असे लिहिता येते : ‘सात दिवसांत एका माणसाच्या आधाराने पलंगावरून खुर्चीवर बसतील, दिवसातून तीन वेळा, दर वेळी किमान वीस मिनिटे.’ यात करणारी रुग्ण आहे, मदतीचे माप आहे, मुदत आहे आणि सातव्या दिवशी हो किंवा नाही असे उत्तर देता येते.

मदतीचे माप ठरवण्यासाठी डोरोथिया ओरेम यांची मांडणी उपयोगी पडते. १९७१ च्या पुस्तकात त्यांनी शुश्रूषेच्या तीन पातळ्या सांगितल्या : सगळे परिचारिकेने करायचे, दोघींनी वाटून करायचे, आणि परिचारिकेने फक्त शिकवायचे व धीर द्यायचा. एकच रुग्ण एकाच सकाळी तिन्ही पातळ्यांवर असू शकते. अंघोळीला पूर्ण मदत, कपड्यांना वाटून, जेवणाला फक्त मांडणी आणि सोबत.

जेवणाचेच घ्यावे. तोंडाने काही देण्याआधी गिळणे तपासावे लागते. पक्षाघातानंतर नातेवाईक पाणी, चहा, पातळ पेज देऊ पाहतात, सोपे म्हणून. पण पातळ पदार्थ घशातून झपाट्याने खाली उतरतो आणि मंदावलेल्या स्नायूंना श्वासनलिका वेळेत झाकता येत नाही. खोकला येणे, आवाज ओलसर, घरघरता होणे ही धोक्याची खूण. अशा रुग्णाला अनेकदा दाट पेज, मऊ खिचडी अधिक सुरक्षित ठरते. जेवताना ताठ बसवायचे आणि जेवणानंतर अर्धा तास तरी आडवे करायचे नाही. गिळणे ठीक असेल तर प्रश्न हाताचा उरतो : खोलगट वाटी, जाड मुठीचा चमचा, ताट सरकू नये म्हणून खाली ओले फडके आणि पडदा ओढून थोडा आडोसा. चमच्याने डाव्या हाताने खाणे बऱ्याच जणांना हाताने खाण्याइतके खटकत नाही. संकोच हे कारण आराखड्यात लिहिले असेल, तरच हा उपाय सुचतो.

कपड्यांचा नियम सोपा आहे. घालताना अधू हात आधी, काढताना तो शेवटी. पुढून उघडणारा गाऊन किंवा सैल ब्लाउज घेतला तर एका हाताने बरेचसे जमते. आणि उचलताना अधू हाताला किंवा काखेत धरून ओढायचे नाही. पक्षाघातात खांद्याभोवतीचे स्नायू सैल पडलेले असतात. त्या ओढण्याने सांधा निसटतो आणि पुढे कित्येक महिने दुखत राहतो. प्रेमापोटी, घाईघाईने होणाऱ्या इजांत हिचा क्रमांक फार वरचा आहे.

पलंगाचे दुष्परिणाम

‘आजारी माणसाने पडून राहावे’ या समजाला लंडनचे डॉ. रिचर्ड ॲशर यांनी १९४७ मध्येच ‘ब्रिटिश मेडिकल जर्नल’मध्ये टोला हाणला होता. पडून राहण्याने फुप्फुसे, रक्तवाहिन्या, स्नायू, हाडे, आतडी, मूत्राशय आणि मन यांचे काय होते, याचा त्यांनी एकेक अवयव घेऊन पाढाच वाचला. पुढे आकडेही मिळाले. २००७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अमेरिकी प्रयोगात निरोगी वृद्ध स्वयंसेवकांना दहा दिवस पलंगावर ठेवले. एवढ्यात त्यांच्या पायांमधले सरासरी एक किलोच्या आसपास चरबीविरहित वजन घटले. ही माणसे आजारी नव्हती, हे विशेष.

रुग्णालयात काय होते? ओहायो राज्यातल्या दोन रुग्णालयांमध्ये दाखल झालेल्या सत्तरी ओलांडलेल्या रुग्णांचा अभ्यास २००३ मध्ये प्रसिद्ध झाला. आजारापूर्वीच्या तुलनेत घरी जाताना ३५ टक्के रुग्ण दैनंदिन कामांत मागे पडलेले होते. आजारावर उपचार झाले होते. उठण्या-बसण्याचा आराखडा मात्र कुणाच्या तरी हातून राहून गेला होता.

तो बनवला तर फरक पडतो का, याचेही उत्तर क्लीव्हलंडहूनच आले. १९९५ मध्ये प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात तिथल्या युनिव्हर्सिटी हॉस्पिटल्समधल्या ७० आणि त्यापुढच्या वयाच्या ६५१ रुग्णांची दोन गटांत विभागणी झाली होती. एका गटाला नेहमीचा वॉर्ड मिळाला. दुसऱ्या गटासाठी वॉर्ड मुद्दाम बदलला होता : जमिनीवर गालिचा, अडगळ नसलेली मार्गिका, स्वावलंबनावर भर देणारे शुश्रूषेचे ठरावीक आराखडे आणि घरी जाण्याची आधीपासून तयारी. दैनंदिन कामांत सुधारणा होऊन घरी जाणाऱ्यांचे प्रमाण नेहमीच्या वॉर्डात २४ टक्के होते, बदललेल्या वॉर्डात ३४ टक्के. दीर्घकालीन निवासी संस्थेत पाठवाव्या लागलेल्यांचे प्रमाण २२ वरून १४ टक्क्यांवर आले. यात कोणतेही नवे औषध नव्हते.

पलंगाचा आणखी एक हिशेब त्वचेचा. डोरीन नॉर्टन यांनी १९६०च्या दशकाच्या सुरुवातीला इंग्लंडमध्ये दाबव्रणांचा धोका मोजणारी पट्टी केली. आज अधिक वापरली जाणारी पट्टी बार्बरा ब्रेडन आणि नॅन्सी बर्गस्ट्रॉम यांची. तिच्यात ६ ते २३ गुण असतात. गुण जितके कमी तितका धोका जास्त आणि १८ किंवा त्याखाली गेले की सावध व्हायचे. माकडहाड, टाचा, खुब्याचा उंचवटा आणि डोक्याचा मागचा भाग या जागा रोज पाहायच्या. लाल दिसणाऱ्या जागेवर बोट दाबावे. दाब काढल्यावर ती जागा क्षणभर पांढरी पडली तर रक्त फिरते आहे. लालच राहिली तर व्रणाची पहिली पायरी सुरू झाली. सावळ्या त्वचेवर हा रंग सहज दिसत नाही. तिथे शेजारच्या त्वचेपेक्षा ती जागा गरम, कडक किंवा दुखरी लागते का, हे हाताने पाहावे लागते.

आपल्याकडे ‘बॅक केअर’ म्हणजे पाठीला स्पिरिट आणि पावडर चोळणे, अशी जुनी सवय आहे. लाल झालेल्या हाडाळ जागेवर चोळले तर खालच्या नाजूक झालेल्या ऊती आणखी फाटतात. गोल रबरी हवेची गादीही आता वापरू नये असे सांगितले जाते, कारण मधली जागा मोकळी राहिली तरी कडेचा दाब तिथले रक्त अडवतो. त्याऐवजी ठरलेल्या वेळी कूस बदलणे, साधारण तीस अंशांत कलते झोपवणे, पोटऱ्यांखाली उशी घेऊन टाचा अधांतरी ठेवणे, त्वचा कोरडी ठेवणे आणि पुरेशी प्रथिने देणे हे आराखड्यात येते. दर दोन तासांनी कूस बदलायची हा रूढ संकेत. गादी कशी आहे आणि त्वचा काय सांगते आहे, त्यानुसार अंतर कमी-जास्त होते.

आराखडा कुणाच्या हातात असतो?

कागदावर तो सिस्टरच्या हातात असतो. प्रत्यक्षात पाळी बदलताना सिस्टर एकमेकींना ‘ओव्हर’ देतात तेव्हा सलाइन, इंजेक्शने आणि तपासण्या सांगून होईतो वेळ संपतो. ‘अकरा नंबर आज स्वतः चमच्याने जेवल्या, भरवू नका’ हे वाक्य राहून जाते आणि दुपारपाळीची मावशी नेहमीच्या मायेने घास भरवते. एका पाळीने मिळवलेले दुसरीने घालवले. जिथे असे आराखडे चालतात, तिथे पलंगाशी एक साधा कागद लावलेला असतो : काय स्वतः करतात, कशाला हात द्यायचा, काय अजून करून द्यायचे.

दुसरा हात नातेवाइकांचा. भारतीय वॉर्डात रात्री रुग्णाजवळ असते ती बहुधा घरचीच व्यक्ती. सासूबाई थरथरत्या हाताने दहा मिनिटे बटणाशी झगडताहेत आणि सून हाताची घडी घालून बसली आहे, हे दृश्य पाहणाऱ्याला निष्ठुर वाटते. शेजारच्या पलंगावरची बाई तसे बोलूनही दाखवते. म्हणून सुनेला फक्त ‘मदत करू नका’ सांगून भागत नाही. किती वेळ थांबायचे, कोणत्या खुणेवर हात पुढे करायचा, दमल्याचे कसे ओळखायचे, हे सिस्टरने एकदा करून दाखवावे लागते आणि दुसऱ्यांदा तिच्याकडून करून घ्यावे लागते. तेही सर्वांसमक्ष, म्हणजे बोलणाऱ्यांनाही कळते.

घरी जाण्याआधी घराची चौकशी होते. जागतिक आरोग्य संघटनेच्या २००१ च्या वर्गीकरणानुसार अपंगत्व शरीर आणि परिसर यांच्या संबंधातून ठरते. वॉर्डात सपाट फरशीवर पावले टाकणाऱ्या बाईंच्या घराला उंबरठा आहे का? मोरीत पाय घसरतो का? शौचालय अंगणापलीकडे आहे का, बैठकीचे आहे की कमोडचे? पलंग इतका उंच आहे का, की बसल्यावर पाय जमिनीला टेकत नाहीत? कमोडची खुर्ची, भिंतीला बसवलेली दांडी, मोरीत प्लॅस्टिकचे स्टूल आणि दाराशी छोटा उतार या काही हजारांच्या वस्तूंनी बार्थेलचे दहा-पंधरा गुण वाढू शकतात.

या कामात ऑक्युपेशनल थेरपिस्टची साथ मोलाची. भारतात या शाखेच्या शिक्षणाची सुरुवात १९५० मध्ये मुंबईत परळच्या केईएम रुग्णालयात झाली. त्यामागे होत्या जन्माने अमेरिकन आणि लग्नाने मराठी झालेल्या कमलाबाई निंबकर. फलटणची ‘कमला निंबकर बालभवन’ ही शाळा त्यांच्याच नावाची. रुग्णाला जे काम जिव्हाळ्याचे, तेच उपचाराचे साधन करायचे, ही या शाखेची रीत. आपल्या उदाहरणातल्या बाईंना ‘घरी गेल्यावर काय करायचे आहे?’ विचारले तर उत्तर ‘चालायचंय’ असे येईलच असे नाही. ‘भाजी निवडायचीय’ असेही येईल. अधू हाताने मेथीची जुडी दाबून धरायची आणि चांगल्या हाताने पाने खुडायची, हा व्यायाम रबरी चेंडू दाबण्यापेक्षा जास्त दिवस टिकतो.

सुधारणा होणार नसेल तेव्हा

सगळ्याच रुग्णांच्या गुणांची बेरीज वर जात नाही. केईएममध्येच काम करणाऱ्या परिचारिका अरुणा शानबाग यांच्यावर २७ नोव्हेंबर १९७३ रोजी रुग्णालयात भीषण हल्ला झाला. मेंदूला झालेली इजा भरून येणारी नव्हती. १८ मे २०१५ रोजी त्यांचा मृत्यू झाला, तोपर्यंत एकेचाळीस वर्षांहून अधिक काळ केईएमच्या परिचारिकांच्या पिढ्यांनी त्यांची शुश्रूषा केली. दयामरणाच्या याचिकेवर सर्वोच्च न्यायालयाने ७ मार्च २०११ रोजी निकाल दिला तेव्हा या शुश्रूषेची देशभर चर्चा झाली. इतकी वर्षे अंथरुणाला खिळूनही त्यांना दाबव्रण झाले नाहीत, ही बाब डॉक्टरांनाही विलक्षण वाटली. हातापायांचे सांधे मात्र आखडले होते.

या प्रकरणाची नैतिक आणि कायदेशीर बाजू खूप लिहिली गेली आहे. शुश्रूषेच्या दृष्टीने त्यात दिसते ते असे, की स्वावलंबन शक्य नसले म्हणून उद्दिष्टे संपत नाहीत. त्वचा अखंड राहणे, घास सुरक्षितपणे गिळला जाणे, वेदना कमी असणे, ओळखीच्या हातांनी स्पर्श होणे, हीही लिहिता येणारी आणि तपासता येणारी उद्दिष्टे आहेत. आखडणाऱ्या सांध्यांसाठी रोज हातपाय हलवून देण्याचे व्यायाम आणि पाऊल काटकोनात धरणारा आधार पहिल्या दिवसापासून आराखड्यात लागतो.

पुन्हा मोजणी

आराखड्याचा शेवटचा टप्पा मूल्यमापनाचा, आणि गडबडीत तोच गाळला जातो. आपल्या उदाहरणातल्या बाईंची सहा आठवड्यांनी पुन्हा मोजणी केली तर चित्र असे असू शकेल : जेवणे १०, तोंड धुणे आणि केस ५, कपडे ५, शौच १०, लघवी १०, शौचालयाचा वापर ५, पलंग ते खुर्ची १०, एकाच्या आधाराने चालणे १०, अंघोळ आणि जिने अजून ०. बेरीज ६५. तीस गुण वाढले. आता कपड्यांचे ५ का अडून बसले, हे शोधायचे. कारण साडीच्या निऱ्या असतील तर गाऊनवर समाधान मानायचे की शिवलेली साडी आणायची, हे त्यांनाच विचारायचे. अंघोळीचे शून्य बदलायला मोरीतले स्टूल आणि हातधरणी आली आहे का, हे पाहायचे. आणि सून रात्री किती वेळा उठते, तिची पाठ दुखते का, याची नोंद याच कागदावर करायची. कारण काळजी घेणारी व्यक्ती थकली की पुढच्या महिन्याचे आकडे खाली येऊ लागतात.

हे सगळे रुग्णाला सांगितलेले समजते, या गृहीतावर उभे आहे. स्मृतिभ्रंशात हातपाय चालतात, पण ब्लाउज आधी की साडी आधी हा क्रमच हरवतो. तिथे कामाचे तुकडे कसे पाडायचे, एका वेळी एकच सूचना का द्यायची आणि संध्याकाळी वाढणाऱ्या अस्वस्थतेसाठी दिवस कसा आखायचा, ते पुढच्या भागात.